एका बायोसचा खटला

१/ संगणकावर जुन्या प्लेस्टेशनचा एम्युलेटर बसवू लागले, की तो बहुधा आधी 'बायोस' मागतो. बायोस म्हणजे सुरू होताच यंत्राला जागे करणारी मूळ आज्ञावली. तिची मालकी सोनीची. या छोट्याशा फाइलमागे एका खटल्याचा इतिहास आहे.

२/ १९९९ मध्ये कनेक्टिक्स या अमेरिकी कंपनीने 'व्हर्च्युअल गेम स्टेशन' बाजारात आणले. प्लेस्टेशनच्या सीडी त्यामुळे मॅकवर चालू लागल्या. सोनी न्यायालयात गेली.

३/ कनेक्टिक्सच्या अभियंत्यांनी सोनीच्या बायोसची नक्कल करून तिचा अभ्यास केला होता. विक्रीच्या उत्पादनात मात्र आज्ञावली स्वतःची घातली होती. फेब्रुवारी २००० मध्ये अमेरिकी अपील न्यायालयाने ठरवले, की अभ्यासापुरती अशी नक्कल न्याय्य वापर ठरते.

४/ २००१ मध्ये सोनीने ते उत्पादनच विकत घेतले आणि बंद केले. निकाल मात्र कायम राहिला.

५/ २०१८ मध्ये सोनीने 'प्लेस्टेशन क्लासिक' काढले. त्यातले जुने खेळ चालत होते एका मुक्तस्रोत एम्युलेटरवर. यंत्रे झिजतात, सुटे भाग मिळेनासे होतात. तेव्हा खेळ तगतात ते यंत्र उलगडून समजून घेण्याची मुभा कुणीतरी राखलेली असते म्हणून.