पॉइंट शून्य एक दोन आठ

अमेरिकन फुटबॉल आपल्याला कळतो, असं कुणी देशी माणूस पार्टीत छातीठोकपणे सांगायला लागला की मी त्याला एकच प्रश्न विचारतो. टचडाऊनचे पॉइंट किती वगैरे नाही. सरळ विचारतो, कॉलेज फुटबॉलच्या कॉन्फरन्स चँपियनशिप गेमला कुठल्या टीम जातात ते सांग बघू. नव्वद टक्के लोक इथे ‘टॉपच्या दोन’ म्हणून मोकळे होतात. मीही २००८ साली तेच म्हणालो होतो.

तेव्हा मी ऑस्टिनमधे होतो. अपार्टमेंटमधे मी आणि माझा रूममेट, नागपूरचा. एकाच कंपनीत, एकाच टीममधे, शेजारशेजारच्या क्यूबमधे. पलीकडच्या क्यूबमधे एक टेक्सन होता, युनिव्हर्सिटी ऑफ टेक्ससचा. दर शुक्रवारी तो विटकरी केशरी रंगाचा शर्ट घालून यायचा. आम्हाला फुटबॉलची दीक्षा त्याने दिली.

थोडा इतिहास. अमेरिकेतली कॉलेजं गट करून खेळतात, त्या गटाला कॉन्फरन्स म्हणतात. पूर्वी सगळे सामने संपले की ज्याचं रेकॉर्ड चांगलं तो चँपियन, विषय संपला. पण एनसीएएच्या नियमावलीत एक वाट होती: कॉन्फरन्समधे १२ टीम असतील आणि त्यांचे दोन डिव्हिजन केले, तर दोन्ही डिव्हिजनच्या विजेत्यांमधे एक जादा सामना खेळवता येईल. एसईसीने अर्कान्सा आणि साऊथ कॅरोलायना यांना घेऊन बाराचा आकडा गाठला आणि १९९२ मधे बर्मिंगहॅमला असा पहिला सामना खेळवला. अलाबामाने फ्लोरिडाला २८-२१ हरवलं. तिकिटं, टीव्हीचे पैसे, सगळंच आलं. मग बाकीचे कशाला मागे राहतील? बिग ट्वेल्व्हने १९९६ मधे तोच मार्ग धरला.

म्हणजे २००८ मधे बिग ट्वेल्व्हचं गणित असं होतं: उत्तरेत ६ टीम, दक्षिणेत ६. प्रत्येकीने आपल्या डिव्हिजनच्या पाचही जणांशी खेळायचं आणि पलीकडच्या तिघांशी. एकूण ८ सामने. डिव्हिजन जिंकायला फक्त हे आठ मोजायचे, बाहेरच्या टीमशी खेळलेले नाहीत. दोघांची बरोबरी झाली तर आपसातला सामना कोणी जिंकला ते बघायचं. सोपं आहे ना? मलाही वाटलं होतं.

११ ऑक्टोबरला डॅलसमधे टेक्ससने ओक्लाहोमाला ४५-३५ हरवलं. १ नोव्हेंबरला लबकमधे टेक्सस टेकने टेक्ससला ३९-३३ हरवलं, तेही शेवटचा एक सेकंद उरलेला असताना. आणि २२ नोव्हेंबरला ओक्लाहोमाने टेक्सस टेकची ६५-२१ अशी धुलाई केली. तिघांचंही कॉन्फरन्स रेकॉर्ड ७-१.

प्रोग्रॅमर मंडळींच्या लक्षात आलं असेलच. अ हा ब पेक्षा मोठा, ब हा क पेक्षा मोठा, आणि क हा अ पेक्षा मोठा. असला कंपॅरेटर सॉर्ट फंक्शनला दिला तर ते काय वाट्टेल ते उत्तर देईल, आणि चूक त्याची नसेल. बिग ट्वेल्व्हकडे अशा तिढ्यासाठी पायऱ्यांची यादी होती. आपसातलं रेकॉर्ड बघा: तिघांचं १-१. डिव्हिजनमधलं बघा: सारखंच. खालच्या टीमविरुद्ध बघा: तेही सारखंच. असं करत पाचव्या पायरीवर लिहिलं होतं की बीसीएस क्रमवारीत जो वर, तो जाणार.

बीसीएस म्हणजे तीन भाग: माणसांच्या मतांचे दोन पोल आणि सहा कॉम्प्युटर क्रमवाऱ्यांची सरासरी, त्यातही वरची एक आणि खालची एक काढून टाकलेली. किती गुणांनी जिंकलात हे कॉम्प्युटरला मोजायची परवानगी नव्हती. ३० नोव्हेंबरच्या रविवारी आकडे आले. ओक्लाहोमा टेक्ससच्या पुढे होती. किती? ०.०१२८.

त्यातली खरी चेष्टा पुढे आहे. उत्तरेतून मिझुरी गेली, कॉन्फरन्स रेकॉर्ड ५-३. ७-१ वाली टेक्सस घरी, आणि ५-३ वाली कॅन्सस सिटीत मैदानावर! ओक्लाहोमाने तिला ६२-२१ हरवलं.

सोमवारी आमचा टेक्सन ऑफिसला आला तो गप्पच. व्हाइटबोर्डवर फक्त ‘४५-३५’ लिहून बसला. मी शहाणपणा केला. म्हटलं, "अरे, नियम सीझनच्या आधी लिहिलेला होता ना? मग रडायचं कशाला?" तो म्हणाला, एसईसीचा नियमही आधीच लिहिलेला आहे. तिथे तिढ्यातल्या वरच्या दोन टीम क्रमवारीत जवळजवळ असतील तर पुन्हा आपसातला सामना बघतात. त्या नियमाने आम्ही गेलो असतो. मग म्हणाला, "आम्ही नोव्हेंबरात हरलो आणि ते ऑक्टोबरात. लोकांना शेवटचं तेवढं आठवतं."

मी हसलो होतो.

जानेवारी २००९ मधे आमच्याकडे ले-ऑफ आला. तेव्हा तो सगळीकडेच येत होता. आमच्या टीममधे तीन जण होते, रेटिंग तिघांचं सारखं, आणि एकाला काढायचं होतं. मॅनेजरने एक एक्सेल शीट केली, निरनिराळ्या कॉलमना वजनं दिली. कुठले कॉलम, किती वजन, हे आम्हाला कुणी आधी सांगितलं नव्हतं. शेवटी फरक पडला दशांश चिन्हाच्या उजवीकडे. रूममेट गेला, मी राहिलो.

आता ते, जे मी आजवर कुणाला सांगितलं नव्हतं. नोव्हेंबरात वडिलांच्या ऑपरेशनसाठी तो तीन आठवडे नागपूरला गेला होता. त्याचं मॉड्यूल माझ्याकडे आलं. त्यात एका मोठ्या कस्टमरचा प्रॉब्लेम होता. तो सोडवायची सगळी रचना त्याने जायच्या आधीच करून ठेवली होती, बराचसा कोडही लिहिला होता. मी शेवटचे दोन दिवस टेस्टिंग करून रिलीज केलं. मीटिंगमधे मॅनेजरने माझं नाव घेतलं, लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी ‘थँक्स’ म्हणालो आणि खाली बसलो. एक वाक्य बोलायला हवं होतं. म्हटलं, तो आला की सांगू. तो आला, आणि तेव्हा विषय निघाला नाही.

त्या काळी एचवन-बीवर नोकरी गेली की साठ दिवसांची सवलतही नव्हती, ती २०१७ मधे आली. त्याने गाडी मिळेल त्या भावात विकली, कुकर आणि गाद्या मला दिल्या. एअरपोर्टवर मी त्याला ‘नियम म्हणजे नियम’ असं म्हणू शकलो नाही. टेक्सनची आठवण झाली तेव्हा.

त्यानंतर खेळाचे नियम बरेच बदलले. २०२२ मधे एनसीएएने डिव्हिजनची अट काढून टाकली आणि मोठ्या कॉन्फरन्सनी एकेक करून डिव्हिजन मोडीत काढले. आता खरोखरच ‘टॉपच्या दोन’. पण कॉन्फरन्स इतक्या फुगल्यात की सगळे सगळ्यांशी खेळतच नाहीत, त्यामुळे तिढे कमी व्हायच्या ऐवजी वाढले. २०२५ मधे एसीसीत १७ टीम होत्या. व्हर्जिनिया ७-१ ने वर, आणि तिच्याखाली ६-२ वर पाच जणी! मग त्यांच्या प्रतिस्पर्ध्यांचं कॉन्फरन्समधलं रेकॉर्ड काढलं आणि त्या हिशोबाने ड्यूक गेली. एकूण रेकॉर्ड ७-५. व्हर्जिनियाला ओव्हरटाइममधे २७-२० हरवून चँपियनही झाली. १०-२ वाली मायामी घरी बसली. पण बारा टीमच्या प्लेऑफमधे तिला जागा मिळाली आणि जानेवारी २०२६ मधे ती थेट राष्ट्रीय फायनलपर्यंत गेली. ड्यूकला मात्र प्लेऑफमधे जागा नव्हती.

त्या फायनलनंतर मी नागपूरला फोन लावला. इकडचं तिकडचं झालं आणि मग सांगून टाकलं. मीटिंग, टाळ्या, सगळं. पलीकडे जरा वेळ शांतता. मग म्हणाला, "मला माहीत होतं बे. चेक-इनवर नाव माझंच होतं ना."

"मग बोलला का नाहीस?"

"तू बोलशील म्हणून थांबलो होतो."

त्यावर मला काही बोलता आलं नाही. मग त्यानेच मुलाच्या दहावीचा विषय काढला.

सध्या माझ्या हाताखाली नऊ जण आहेत. दर वर्षी रेटिंगच्या आधी मी एक गोष्ट करतो: बरोबरी झाली तर काय बघणार, ते जानेवारीतच लिहून सगळ्यांना पाठवतो. आणि कुणाचं काम कुणी पुढे नेलं ते मीटिंगमधे दोन्ही नावं घेऊन सांगतो. फार मोठं काही नाही.

असो. टेक्सन अजून ऑस्टिनमधेच आहे. ४५-३५ विसरलेला नाही.