भिशीतले माल्ट

सातारा-सांगलीकडं भिशी कशाचीही लागते. सोन्याची, भांड्यांची, मटणाची. आमची सिंगल माल्टची आहे. निम्मे मित्र साताऱ्यात, निम्मे सांगलीत. वर्गणी जमली की एक बाटली घ्यायची आणि बैठक एकदा इकडं, एकदा तिकडं. बाटली मात्र त्या-त्या डिस्टिलरीची सगळ्यात साधी, दहा-बारा वर्षं मुरलेलीच हवी. अठरा वर्षांचीचा मोह ज्याला आवरत नाही त्यानं ती स्वतःच्या पैशानं आणावी, असं ठरलंय. अजून कुणी आणलेली नाही.

ही चैन आम्हाला जमली त्याला सरकारही कारण आहे. नोव्हेंबर 2021 मध्ये राज्यानं आयात स्कॉचवरचं उत्पादन शुल्क 300 टक्क्यांवरून 150 टक्क्यांवर आणलं. शिवाय कुणाचा ना कुणाचा भाचा परदेशातून येतोच, आणि त्याला दोन लिटर बिनशुल्क आणता येते.

आम्ही सगळे उसाच्या पट्ट्यातले. गळीत हंगामात कारखान्याच्या रस्त्यानं गेलं की मळीचा वास कपड्यांना चिकटतो. आपल्याकडच्या बहुतेक स्वस्त व्हिस्कीचा पाया याच मळीपासून काढलेलं स्पिरिट असतो. युरोपात ती व्हिस्की म्हणून विकताही येत नाही, कारण तिथं व्हिस्की धान्याचीच लागते. आम्ही वर्षानुवर्षं ती सोडा आणि बर्फ घालून प्यायलो, त्यामुळं चवीचा प्रश्न कधी उद्भवलाच नाही. स्कॉच सिंगल माल्ट म्हणजे एकाच डिस्टिलरीत, फक्त मोड आणून वाळवलेल्या बार्लीपासून, तांब्याच्या भट्टीतून काढलेली आणि ओकच्या पिंपात किमान तीन वर्षं मुरवलेली. ती थंडगार केली की वास मिटतो. म्हणून आम्ही बर्फ बंद केला. आधी नुसती चाखायची, मग चमचाभर साधं पाणी.

सुरुवात ऑकेंटॉशनपासून केली. ही ग्लासगोजवळची, स्कॉटलंडच्या लोलँड प्रदेशातली. इतरत्र बहुधा दोनदा गाळतात, इथं तीनदा, म्हणून अंगानं हलकी आणि गोडसर. सगळ्यांना आवडली, पण सांगलीच्या लसणाच्या भडंगापुढं तिची चव साफ हरवली. मग हायलँडची ग्लेनमोरांजी. हिच्या भट्ट्यांच्या माना स्कॉटलंडमध्ये सर्वांत उंच. जड वाफ वरपर्यंत पोचत नाही, हलकी तेवढी पार होते. तिच्यात संत्र्याची साल आणि मध सापडतो, तोंडात घोळवायला वेळ दिला तर.

स्पे नदीच्या खोऱ्यातली ग्लेनलिव्हेट आणली तेव्हा सफरचंद, अननस, थोडं व्हॅनिला असं काहीतरी लागलं. जॉर्ज स्मिथनं 1824 मध्ये रीतसर परवाना काढून चालवलेली ही डिस्टिलरी. पुढच्या बैठकीत त्याच खोऱ्यातली अ‍ॅबरलोर आली आणि प्रदेशावरून चव ओळखायचा आमचा नकाशाच बिघडला. ही काही काळ शेरी वाइनच्या पिंपात मुरते. रंग गडद, चव सुक्या फळांची, शेवटी मसाल्याची. तासगावचा बेदाणा सोबत ठेवला होता. एक घोट, दोन बेदाणे, आणि बैठक लांबली. खोरं एक, वयही दोघींचं बारा, तरी चव एवढी लांब. प्रदेशापेक्षा पिंपाचा हात मोठा, हे त्या रात्री कळलं. बाटलीवरचा प्रदेश वाचण्याआधी पिंप कसलं ते वाचायची सवय तेव्हापासून लागली.

धुराच्या बाबतीत मात्र प्रदेश खरा ठरतो. स्काय बेटाच्या टॅलिस्करमध्ये खारट वारा, काळी मिरी आणि बेताचा धूर. आयला बेटाची लाफ्रोइग त्याच्या कितीतरी पुढं. तिथं झाडं कमी, पीट नावाची दलदलीतली काळी माती मुबलक. ती जाळून तिच्या धुरावर बार्ली वाळवतात. धुरातले फिनॉल दाण्यात बसतात ते बाटलीपर्यंत सुटत नाहीत. पहिला घोट घेऊन साताऱ्याचा मित्र ओरडला, “लेका, ही दारू हाय का ड्रेसिंगचं सामान?” वास खरंच आयोडीनचा. अमेरिकेत दारूबंदी असताना ही औषध म्हणून खपली, असं सांगतात. आपल्याकडं 1949 च्या दारूबंदी कायद्यानं मिळणारा पिण्याचा परवानाही आरोग्य राखण्यासाठीच असतो. खिशातल्या परवान्याला शोभणारी बाटली आम्हाला अखेर मिळाली होती.

भिशीत कौल घेतला तेव्हा अ‍ॅबरलोरला जवळजवळ सगळ्यांची मतं पडली, लाफ्रोइगला माझं आणि आणखी एकाचं. अ‍ॅबरलोर एका बैठकीत संपते. लाफ्रोइगला बाकीचे हात लावत नाहीत, आम्ही दोघं ती कित्येक महिने पुरवतो, आणि वर्गणी मात्र सगळ्यांनी भरलेली असते. परवडणारी सिंगल माल्ट कोणती, असं कुणी विचारलं तर माझं उत्तर तयार आहे: मित्रांना न आवडणारी.