नऊ चौकटींचं पान आणि मोबाईलचा पडदा



"मोबाईलवर वाचतात, ते काय वाचन म्हणायचं?" हे वाक्य मी स्टाफरूममध्ये कितीदा तरी म्हटलंय. परवा घरीही म्हटलं आणि कॉलेजात जाणाऱ्या माझ्या मुलाने मला अडवलं. तो मोबाईलवर 'वॉचमेन' वाचत होता.

'वॉचमेन' ही अ‍ॅलन मूर यांनी लिहिलेली आणि डेव्ह गिबन्स यांनी चितारलेली चित्रकादंबरी. १९८६-८७ मध्ये डीसी कॉमिक्सने ती १२ अंकांत काढली. सुपरहिरो खरोखर असते तर जग कसं झालं असतं, हा तिचा विषय. (हिंसा आणि मोठ्यांचे प्रसंग बरेच आहेत, शाळकरी मुलांसाठी ती नाही.)

छापील पुस्तकात बहुतेक पानं नऊ चौकटींच्या हिशोबाने आखलेली आहेत. तीन ओळी, प्रत्येकीत तीन चौकटी. पाचवं प्रकरण तर आरशासारखं आहे. पहिल्या पानाची मांडणी शेवटच्या पानाशी जुळते, दुसऱ्याची शेवटून दुसऱ्याशी, असं करत आपण मधल्या जोडपानाशी येतो. हे कळायला अख्खं पान समोर असावं लागतं. मोबाईलवर मात्र एका वेळी एकच चौकट येते. २००८ मध्ये याच पुस्तकाचं हलत्या चित्रांचं कॉमिकही निघालं. त्यात सगळ्या पात्रांना, अगदी स्त्रियांनाही, एकाच नटाचा आवाज आहे. कुठल्या चित्रावर किती थांबायचं हे तिथे वाचक ठरवत नाही.

हे सगळं मी मुलाला ऐकवलं. तो म्हणाला, "आई, पहिलं पान आठव. रस्त्यावरच्या बिल्ल्यापासून नजर वर वर जाते, थेट इमारतीच्या खिडकीपर्यंत. तू पान उघडताच शेवटची चौकट पाहिलीस. मी मात्र एकेक चौकट चढत गेलो."

मी गप्प बसले. त्याचं खरं होतं.

मग मला लॉकडाऊन आठवला. चित्रांवरून गोष्ट लिहायला म्हणून मी वर्गाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर सहा चित्रं एकेक करून पाठवली होती. बहुतेकांनी सहा सुटी वाक्यं लिहिली. 'हा मुलगा आहे. हे झाड आहे.' मी मनातल्या मनात मुलांनाच दोष दिला. एका मुलीने मात्र सहाही चित्रं वहीच्या एकाच पानावर काढली आणि खाली छान गोष्ट लिहिली. बाकीच्यांना गोष्ट सुचली नाही, कारण मी त्यांना पानच दिलं नव्हतं. चूक मोबाईलची नव्हती, मुलांची तर नव्हतीच. माझ्या मांडणीची होती.

आता चित्रवर्णन शिकवताना मी दोन्ही करते. आधी एकेक चित्र दाखवून विचारते, "पुढे काय होईल?" मग सगळी चित्रं एकाच कागदावर देते आणि विचारते, "यातली कोणती चित्रं एकमेकांशी बोलतात?" पहिल्या प्रश्नाने उत्सुकता वाढते, दुसऱ्याने गोष्ट जुळते.

स्टाफरूममधलं ते वाक्य मी सोडून दिलंय. तुमच्या मुलाच्या हातात मोबाईलवर कॉमिक दिसलं तर लगेच रागावू नका. शेजारी बसा आणि एवढंच विचारा, "अख्खं पान कसं दिसतं, दाखव बरं मला!"