ठेक्याचे ऋण

चित्रपटातील गीत लोकांच्या ओठी राहते, गायकाचे नावही राहते. परंतु ज्या तालावर ते गीत चालते, त्याचा कर्ता बहुधा पडद्याआडच राहतो. या रीतीस एक गोड अपवाद आहे, आणि तो आपल्या गोमंतकाने दिलेला आहे, याचे आम्हांस मोठे अप्रूप वाटते.

दत्ताराम वाडकर यांचा जन्म १९२९ साली गोमंतकात झाला. ज्यांच्या आडनावातच नागेशीचे क्षेत्र आहे, त्या पंढरीनाथ नागेशकरांकडे ते तबला शिकले. मुंबईत शंकर-जयकिशन यांचे साहाय्यक म्हणून त्यांनी तालाची बाजू सांभाळली. १९५७ च्या ‘अब दिल्ली दूर नहीं’ने ते स्वतंत्र संगीतकार झाले, पाठोपाठ ‘परवरिश’ आला. त्यांचा ढोलकीवरील ठेका वादकमंडळी आजही ‘दत्ताराम ठेका’ याच नावाने ओळखतात. २००७ साली डिचोलीत त्यांनी देह ठेवला.

आमचा व्यवसाय वकिलीचा. म्हणून हा मान आम्हांस विशेष वाटतो. स्वामित्वहक्काचा कायदाही १९५७ चाच. पेडणे महालातील आरोब्याचे एन. दत्ता यांनी ‘धूल का फूल’ला दिलेल्या चालींचे कर्ते म्हणून कायदा त्यांनाच ओळखतो. नुसत्या ठेक्याला मात्र तेथे सहसा थारा नाही. वादकाला आपल्या वादनावर काही हक्क मिळाला तोही १९९४ च्या दुरुस्तीने. कायद्याने जे दिले नाही, ते दत्तारामांना त्यांच्या सोबत्यांनी दिले.

दूर आयर्लंडात शॉन ओ रिआदा यांनी आपल्या देशातील परंपरागत चाली वाद्यवृंदावर चढवून १९५९ साली एका चित्रपटाला संगीत दिले आणि ते घरोघरी पोहोचले. पुढे हा गृहस्थ कूल ए नावाच्या डोंगरी खेड्यात जाऊन राहिला आणि तेथील गावकऱ्यांना घेऊन त्याने गावच्या प्रार्थनामंदिरासाठी गायकवृंद उभा केला. ज्या मातीतून सूर घेतले, त्या मातीला तो ते परत देऊन गेला.

आपल्या देवळांत घुमट, शामेळ आणि कासाळे यांची सुवारी रंगते, तेव्हा अंगावर रोमांच उभे राहतात. २०१९ साली गोवा सरकारने घुमटाला वारसा-वाद्याचा दर्जा दिला. वाद्याचा मान झाला, वादकाचे काय? उत्सवाच्या पत्रिकेत आम्ही देणगीदारांची नावे वाचतो, समितीच्या सभासदांची वाचतो, बाहेरून येणाऱ्या गवयाचे नाव तर ठळक अक्षरांत असते. पिढ्यानपिढ्या देवापुढे सेवा करणाऱ्या घुमटकाराचे नाव शोधूनही सापडत नाही. ‘सुवारीवादन’ एवढ्या एका शब्दात सारी मंडळी मावतात.

कोणी म्हणेल, देवाच्या सेवेला नाव कशाला? मग देणगीला तरी ते का असावे? यंदाच्या जत्रेच्या पत्रिकेत वादकांची नावे गावासकट छापावीत, एवढेच आमचे महाजनांपुढे मागणे आहे. त्यासाठी कायदा नको. चार ओळींची जागा पुरे.