पडलेल्या उमेदवाराची बाजू

निवडणूक बिनविरोध झाल्याची बातमी आली की मला बरं वाटायचं. गाव शहाणं आहे, असं मी म्हणायचो. फैजपुरात आणि आजूबाजूच्या यावल-रावेरच्या गावांत मी हे मत वर्षानुवर्षं बोलून दाखवलं, वर्गात इतिहास शिकवताना मांडलं, समेटाच्या बैठकांना जाऊन बसलो. आज ते मत माझं राहिलेलं नाही. ते का बदललं, ते लिहितो.

आधी ते आलं कुठून, हे सांगायला हवं. १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात विनोबांनी गीतेवर प्रवचनं दिली आणि साने गुरुजींनी ती उतरून घेतली. ते पुस्तक आमच्याकडे घरोघरी असायचं. पुढे विनोबांनी गावाचे निर्णय एकमताने व्हावेत, पक्षांनी गाव फोडू नये, हा आग्रह धरला. तो आम्हाला पटलेला होता. शिवाय एक दाखला वडीलधाऱ्यांच्या तोंडी हमखास असे. चीनच्या युद्धानंतर यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला गेले आणि १९६३ साली नाशिकमधून लोकसभेवर बिनविरोध निवडून आले. मोठ्या माणसाला लोक लढायला लावत नाहीत, हा त्यातला धडा.

आणि लढती कशा होतात ते डोळ्यांसमोर होतंच. ग्रामपंचायतीचा निकाल लागला की सख्ख्या भावांचं बोलणं बंद. लग्नाची पत्रिका एका घरी जाते, शेजारच्या घरी जात नाही. ढाब्यावरची जेवणं, रात्रीची पाकिटं. कधी तर सकाळी उठून पाहावं तो कोणाच्या तरी बागेतली केळीची खोडं रात्रीतून कापलेली. पोलिसांत तक्रार होते, नाव निघत नाही, पण गावाला नाव माहीत असतं. हे पाहिलेल्या माणसाला बिनविरोध निवडणूक देवाची कृपाच वाटणार.

वर्गात मी रोमचा दाखला द्यायचो. इसवीसनपूर्व २६४ मध्ये एका सरदाराच्या उत्तरक्रियेत ग्लॅडिएटरांच्या जोड्या लढवल्या गेल्या, तिथपासूनची रोममधली नोंद सापडते. पुढे हा मृतांचा मान जिवंतांच्या प्रचाराला लागला. ज्युलियस सीझर इसवीसनपूर्व ६५ मध्ये नगराच्या व्यवस्थेचा अधिकारी होता. त्याने वडिलांच्या स्मरणार्थ झुंजी भरवल्या, आणि त्या वर्षी ३२० जोड्या उतरवल्याचं प्लुटार्क लिहितो. वडील जाऊन वीस वर्षं झाली होती. पुढची पदं मात्र समोर होती. पाँपेईच्या भिंतींवर तर अमक्याला मत द्या आणि अमक्या दिवशी अमक्याच्या खर्चाने झुंजी होतील, अशा दोन्ही जाहिराती जवळजवळ रंगवलेल्या आढळतात. मी मुलांना म्हणायचो, बघा, दोन हजार वर्षांत फरक एवढाच पडला की भिंतीच्या जागी फ्लेक्स आला.

हा दाखला मी अर्धवट देत होतो. रोमची गोष्ट पुढे नेली की ती माझ्या बाजूने साक्ष देत नाही. इसवीसनपूर्व ६३ मध्ये सिसेरोने कायदा आणला, की जो निवडणुकीला उभा राहणार त्याने त्याआधीच्या दोन वर्षांत झुंजी भरवायच्या नाहीत. म्हणजे तिथल्या जाणत्यांनाही तमाशा आणि मत यांत अंतर ठेवावंसं वाटत होतं, आणि त्यांनी बंदी तमाशावर घातली, निवडणुकीवर नाही. निवडणूक गेली ती नंतर, सम्राटांच्या काळात. इसवीसन १४ मध्ये तायबेरियसने अधिकाऱ्यांची निवड लोकांच्या सभेकडून काढून सेनेटकडे दिली. लोकांनी थोडी कुरकुर केली, टॅसिटसच्या लेखी त्याहून जास्त काही घडलं नाही. ते प्रचंड कलोसियम उघडलं इसवीसन ८० मध्ये, राजधानीतल्या लोकांचं मत काढून घेतल्यावर साठ-पासष्ट वर्षांनी.

हा क्रम नीट पाहिला तेव्हा मी चपापलो. लढती वाढल्या म्हणून लोकशाही गेली, असं मी शिकवत आलो होतो. रोममध्ये मत गेलं, आणि त्यानंतर झुंजी सर्वांत भव्य झाल्या. पूर्वी ज्याच्या दारात उमेदवार येत होता, तो माणूस आता फुकटच्या बाकावर बसून आरडाओरडा करत होता. त्याला करमणूक भरपूर मिळत होती. त्याच्याकडून घ्यायचं असं मात्र कोणालाच काही उरलं नव्हतं.

पुस्तकातल्या या शंकेला घराजवळच्या घटनांनी बळ दिलं. २०२०च्या अखेरीस ग्रामपंचायतींच्या निवडणुका लागल्या. नंदुरबार जिल्ह्यातल्या खोंडामळीत आणि नाशिक जिल्ह्यातल्या उमराण्यात पदांचे जाहीर लिलाव झाले. खोंडामळीची बोली ४२ लाखांपर्यंत गेली, उमराण्याची दोन कोटींच्या वर. पैसा देवळाच्या बांधकामाला जाणार होता. जानेवारी २०२१ मध्ये राज्य निवडणूक आयोगाने दोन्हीकडच्या निवडणुका रद्द केल्या. मला आयोगाच्या आदेशापेक्षा लिलावाच्या बाजूने बोलणाऱ्यांचा युक्तिवाद लागला. गावात तंटा नको, खर्च नको, पैसा देवाच्या कामाला लागेल. वाक्यं माझीच होती. त्यांनी फक्त त्यांना किंमत लावली होती.

मग २०२४ साली सुरत. ताप्ती लाइनच्या रेल्वेमुळे सुरत आम्हाला पुण्याइतकं परकं कधीच वाटलं नाही. खान्देशातली किती घरं लिंबायत-उधन्यात जाऊन वसली आहेत. लोकसभेच्या निवडणुकीत सुरत मतदारसंघात काँग्रेसच्या उमेदवाराचा अर्ज बाद झाला, बाकीच्यांनी माघार घेतली आणि २२ एप्रिलला भाजपचे मुकेश दलाल बिनविरोध विजयी जाहीर झाले. एका अख्ख्या मतदारसंघाने लोकसभेला मतच दिलं नाही. उमेदवार एकच उरला तर मतदान होत नाही, त्यामुळे ‘वरीलपैकी कोणीही नाही’ हे बटणसुद्धा लोकांपुढे येत नाही. तिकडचा एक नातेवाईक गमतीने म्हणाला, “काय भो, मतदान नही तं मंग सुट्टी कायले?” मी हसलो, पण मनातून नाही.

तरी या दोन्ही गोष्टींना मी टोकाची उदाहरणं म्हणून बाजूला सारू शकलो असतो. मत खरं बदललं ते एका साध्या, सुरळीत बिनविरोध झालेल्या गावामुळे. तिथे लिलाव नव्हता, दमदाटी नव्हती, समेटाला मीही होतो. वर्षभराने तिथल्या ग्रामसभेत बसलो होतो. पाइपलाइनच्या कामाची बिलं वाचली जात होती. प्रश्न कोणीच विचारला नाही. सरपंच या भाऊबंदाचा, उपसरपंच त्या भाऊबंदाचा, उरलेल्या प्रत्येक गटाला एकेक जागा. सगळेच आत, मग बाहेर उभं राहून विचारणार कोण? महिलांच्या जागांवर कोण बसणार हेही बैठकीत पुरुषांनीच ठरवलं होतं आणि दलित वस्तीतला सदस्य कोण असावा हे वस्तीबाहेरच्यांनी. सभा अर्ध्या तासात आटोपली, चहा झाला. बाहेर आल्यावर एक तरुण मला म्हणाला, “सर, मागच्या बॉडीत पडलेले अप्पा होते ना, ते प्रत्येक पावती मागायचे. लोक वैतागायचे. आता कोणी वैतागत नाही.”

त्या वाक्याने माझं गणित उलटं झालं. निवडणुकीतून आपण कारभारी निवडतो एवढंच मी धरून चाललो होतो. तीच निवडणूक एक पडलेला उमेदवारही तयार करते, आणि बिनपगारी हिशोबतपासणीसाचं काम त्याच्याइतकं मन लावून कोणी करत नाही. त्याचा हेतू शुद्ध असेलच असं नाही. बऱ्याचदा तो खारच खाऊन असतो. पण पावती तो मागतो. सज्जन माणूस संकोचाने गप्प बसतो, पडलेला माणूस बसत नाही. आमच्याकडच्या यात्रेतल्या दंगलीत चितपट झालेला पैलवान माती झटकून उठतो आणि पुढच्या गावच्या यात्रेत त्याच जोडीला पुन्हा हात देतो. लोकशाहीतली लढत या जातीची आहे. हरलेला जिवंत राहतो आणि जिंकणाऱ्याला ते ठाऊक असतं, यात तिचं सारं मोल आहे.

एवढं उमगल्यावर मी फैजपूरकडेही वेगळ्या नजरेने पाहिलं. डिसेंबर १९३६ मध्ये काँग्रेसचं पन्नासावं अधिवेशन इथे भरलं, खेड्यात भरलेलं पहिलं. अधिवेशनासाठी वसवलेलं टिळकनगर, नंदलाल बोस यांनी बांबूसारख्या इथल्याच साहित्यातून उभारलेली सजावट, बैलांच्या रथातून निघालेली नेहरूंची मिरवणूक, धनाजी नाना चौधरी आणि साने गुरुजींनी उपसलेले कष्ट. आम्ही हे सगळं एकीचं चित्र म्हणून सांगत आलो. पण अधिवेशनाच्या सहा महिने आधी, जूनमध्ये, नेहरूंच्या समाजवादी भाषणांना विरोध म्हणून कार्यसमितीच्या सात सदस्यांनी राजीनामे दिले होते. गांधीजींच्या मध्यस्थीने ते मागे घेतले गेले. त्या सातांत वल्लभभाई पटेल, राजेंद्र प्रसाद, राजगोपालाचारी तर होतेच, शंकरराव देवही होते. तेच शंकरराव फैजपूरच्या अधिवेशनाचे स्वागताध्यक्ष.

अध्यक्षपदासाठी पटेलांचं नाव पुढे आलं होतं. त्यांनी नेहरूंसाठी माघार घेतली, पण जाहीर पत्रक काढून सांगितलं की माझी माघार म्हणजे त्यांच्या सगळ्या मतांना संमती नव्हे. हेही एका अर्थी बिनविरोधच. फक्त विरोध काय आहे ते सगळ्या देशाला छापून सांगितलेलं. फैजपुरातही सगळं गोडीगुलाबीत झालं नाही. नुकतेच तुरुंगातून सुटलेले मानवेंद्रनाथ रॉय आले होते. मनमाडहून पायी निघालेले शेतकरी येऊन ठेपले, किसान सभेचं अधिवेशन प्रा. रंगांच्या अध्यक्षतेखाली इथेच भरलं. येणारी प्रांतिक निवडणूक जिंकली तर मंत्रिपदं घ्यायची की नाही, यावर एकमत झालं नाही आणि निर्णय पुढे ढकलावा लागला. सारा आणि खंड कमी करणं, कर्जाचा भार हलका करणं, अशा मागण्यांचा शेतीविषयक कार्यक्रम फैजपूरच्या नावाने ओळखला जातो. तो या रेट्यातून आला. सगळे एका सुरात बोलले असते तर तो आला असता का, याची मला शंका आहे.

लगेच १९३७च्या सुरुवातीला प्रांतिक निवडणुका झाल्या. नेहरूंच्या सभांना लोटणारी गर्दी पाहून त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये कलकत्त्याच्या ‘मॉडर्न रिव्ह्यू’त ‘चाणक्य’ या नावाने एक लेख आला. जवाहरलालमध्ये हुकूमशहा होण्याचा सगळा मालमसाला आहे, त्याला पुन्हा अध्यक्ष करू नका, सीझर आपल्याला नकोत, असा त्याचा रोख. लेखक स्वतः नेहरूच होते. समोर पुरेसा विरोधक दिसेना तेव्हा या माणसाने तो स्वतःच उभा केला. पण प्रत्येक पुढाऱ्याकडून ही अपेक्षा करता येत नाही, म्हणून विरोधक बाहेरून हवा. मुंबई प्रांतात तो होता. डॉ. आंबेडकरांच्या स्वतंत्र मजूर पक्षाने काँग्रेसच्या लाटेतही डझनाहून अधिक जागा जिंकल्या. आंबेडकरांनी विधिमंडळात खोती रद्द करण्याचं विधेयक मांडलं, १९३८ साली कामगारांच्या संपाच्या हक्कावर गदा आणणाऱ्या विधेयकाशी झुंज घेतली. सगळे एक व्हा, असं त्यांना सांगणारे तेव्हाही कमी नव्हते. त्यांनी ऐकलं असतं तर हे प्रश्न सभागृहात कोणी लावून धरले असते?

लढतीतलं ओंगळपण मला आता दिसेनासं झालं आहे, असं नाही. पैसा वाढला आहे. मोबाइलवर खोटं रात्रीत गावभर होतं. कापलेल्या खोडांचं समर्थन मी मेलो तरी करणार नाही. ज्या लढतीत हरणाऱ्याला गाव सोडावं लागतं, धंदा बंद करावा लागतो किंवा त्याच्यामागे चौकशा लागतात, ती रोमच्या रिंगणाकडे सरकलेली असते. सामंजस्यही मला नकोसं झालेलं नाही. देवळाची यात्रा, पाटाचं पाणी, पोळ्याचा मान, हे एकमतानेच व्हावं. पण पैसा आणि सत्ता जिथे आहे तिथे एकमत फार लवकर झालं तर ते कोणी घडवलं आणि त्याच्या बदल्यात काय ठरलं, हे विचारायला मी शिकलो आहे.

समेटाच्या बैठकीचं बोलावणं अजूनही येतं. मी जातो. आता तिथे एवढंच विचारतो, की पुढची पाच वर्षं या पंचायतीकडे हिशोब मागणार कोण, त्याचं नाव सांगा. नाव सांगता आलं आणि तो माणूस खरोखर त्या गटांच्या बाहेरचा असला, तर बिनविरोधाला माझी हरकत नाही. आजवर कुठल्याही बैठकीत मला ते नाव मिळालेलं नाही. मग मी सांगतो, अर्ज मागे घेऊ नका, मतदान होऊ द्या. निकालानंतर दोन घरांत बोलणं बंद होईल, ते मी जाऊन जुळवीन. ते काम मला जमतं. पावत्या मागायचं काम मात्र पडलेल्या उमेदवाराचंच आहे, आणि तो मिळायचा तर आधी कोणीतरी उभं राहून पडायला हवं.