दोन अडचणींचें वजन

आमच्या घरीं एक पत्र्याची पेटी आहे. तींत दागिने नाहींत. भाड्याच्या पावत्या आहेत. पुण्यास सदाशिव पेठेंतील एका वाड्यांत १९५८ सालीं आमच्या वडिलांनीं तीन खोल्या भाड्यानें घेतल्या, आणि तेव्हांपासूनची एकहि पावती त्यांनीं गहाळ होऊं दिली नाहीं. ‘भाडेकऱ्याची सनद ती हीच,’ असें ते म्हणत, आणि आम्ही हंसत असूं. दोन वर्षांपूर्वीं मालकांच्या वकिलाची नोटीस आली, तेव्हां ती पेटी माळ्यावरून खालीं काढतांना मात्र आम्हांस हंसूं आलें नाहीं.

नोटिशींत दोन गोष्टी होत्या. भाडें थकलें आहे, ही एक. आणि मालकांच्या विवाहित मुलास राहण्यासाठीं जागा हवी आहे, ही दुसरी. पहिलीचा आम्हांस संताप आला. कारण आम्हीं पाठविलेले धनादेश मालकांनींच परत केले होते. आमचे वकील म्हणाले, "प्रोफेसरसाहेब, रागावूं नका. कायद्यानें याची सोय केलेली आहे." १९९९ च्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याप्रमाणें थकबाकीची लेखी मागणी केल्यावर ९० दिवस लोटल्यावांचून मालकास त्या कारणावरून दावा लावतां येत नाहीं. समन्स हातीं पडल्यावरहि भाडेकऱ्यास ९० दिवसांची मुदत असते. तेवढ्यांत त्यानें सर्व थकबाकी दरसाल दरशेंकडा १५ च्या सरळ व्याजासह कोर्टांत भरली, पुढेंहि भाडें भरीत राहिला आणि दाव्याचा खर्च दिला, तर त्या कारणावरून त्यास घराबाहेर काढतां येत नाहीं. दावा लागला, आम्हीं पैसे भरले.

दुसरी गोष्ट तितकी सोपी नव्हती. मालकाची गरज खरी व वाजवी ठरली, तरीहि कोर्टास आणखी एक प्रश्न सोडवावा लागतो: जागा सोडल्यानें भाडेकऱ्याची अडचण अधिक, कीं न मिळाल्यानें मालकाची? दोघांस अन्यत्र जागा आहे कीं काय, हेंहि पाहिलें जातें. कैफियतीसाठीं आमची अडचण लिहून आणण्यास वकिलांनीं सांगितलें. त्या रात्रीं आम्हीं चार पानें लिहिलीं. आईचे गुडघे, तिचा दवाखाना, कॉलेजचें अंतर, बाहेरचीं भाडीं. लेखणी कोठें अडखळली नाहीं. मग मालकांच्या अडचणीसाठीं निराळा कागद घेतला. त्यावर दोन ओळींपलीकडे कांहीं सुचेना.

वास्तविक आम्हांस पुष्कळ ठाऊक होतें. मालकांचा मुलगा लहानपणीं आमच्याच ओसरीवर इंग्रजी शिकला. आज तो बायकोमुलांसह आईबापांच्या दोन खोल्यांत राहतो. १९४७ च्या मुंबई भाडे कायद्यानें १ सप्टेंबर १९४० चें, किंवा त्यानंतर जागा प्रथम दिली तेव्हांचें, भाडें प्रमाण धरलें. ही व्यवस्था आतां वाजवी राहिली नाहीं, असें १९९७ सालीं सर्वोच्च न्यायालयानेंहि म्हटलें. पुढें १९९९ च्या कायद्यानें वर्षास ४ टक्के वाढ दिली. पण १८ रुपयांपासून निघालेल्या भाड्यावर ४ टक्के ते किती? आमचें शिक्षण त्या स्वस्त भाड्याच्या जोरावर झालें, हें पेटींतल्या पावत्या सांगतच होत्या; आम्हीं तें वाचलें नव्हतें.

त्याच कलमांत आणखी एक तरतूद आहे. जागेचा कांहीं भाग दिल्यानें दोघांपैकीं कोणाचीच अडचण होत नसेल, तर तेवढ्याच भागाचा हुकूमनामा करावा, अशी ती आहे. आईनें हें ऐकलें आणि विचारलें, "अरे, मागच्या खोलींत राहतें कोण? तुझीं पुस्तकेंच ना?"

कैफियतीच्या मसुद्यांत आम्हीं ती खोली ‘अत्यावश्यक’ म्हटली होती. तो शब्द खोडला. ती खोली देण्याची तयारी लिहून दिली. उरलेल्या दोन खोल्यांसाठीं मात्र आम्ही भांडत आहों. दावा अजून चालू आहे.

भाडेकऱ्यास आपलें म्हणणें मांडण्याचा हक्क कां हवा, हें आम्हांस आतां कळतें. आपली अडचण तोलतांना आपला हात पारड्यावर पडतोच, मालकाचाहि पडतो. तराजू तिऱ्हाइताच्या हातीं असला, म्हणजे निदान दोन्ही पारडीं दिसतात. परवां जिन्यांत मालकांचा मुलगा भेटला. "सर, पुस्तकें हलवायचीं असतील तेव्हां हांक मारा," म्हणाला. आम्हांस उत्तर सुचलें नाहीं. आम्ही त्या महिन्याचें भाडें कोर्टांत भरून येत होतों. पावती खिशांत होती.