घरचे सामने

आमच्या मडगावच्या घरात ओट्याशेजारच्या भिंतीवर कालनिर्णय टांगलेले असते. दुधाचे खाडे, सिलिंडर लावल्याची तारीख, संकष्ट्या, परीक्षांची पर्यवेक्षणे अशा संसाराच्या नेहमीच्या नोंदी त्यावर असतातच. पण २०१४ सालापासून त्यांत नारिंगी शाईच्या काही वर्तुळांची भर पडली. ही वर्तुळे एफसी गोवा या फुटबॉल संघाच्या घरच्या सामन्यांची. आम्ही दोघेही मराठीचे अध्यापक. फुटबॉलमधले आम्हांला फार कळते असा दावा नाही. ऑफसाइड म्हणजे काय हे समजावून सांगताना आमच्यापैकी एकाची आजही गाळण उडते. मात्र वेळापत्रक हा ग्रंथ आम्ही इतक्या वर्षांत बारकाईने वाचला आहे, आणि त्याच्या बळावरच हे लिहिण्याचे धाडस करीत आहोत.

मुळात ‘घरचा सामना’ हा शब्दप्रयोगच आम्हांला कितीतरी दिवस खटकत असे. मराठी क्रीडापत्रकारितेने इंग्रजीतल्या ‘होम’ला ‘घरचे मैदान’ केले आणि ‘अवे’ला कधी ‘परके’, तर कधी ‘प्रतिस्पर्ध्याचे’ मैदान म्हटले. क्रिकेटवर पोसलेल्या आमच्या कानांना ‘दौरा’ ठाऊक होता. दौऱ्यावर गेलेला संघ महिना-दोन महिने परमुलखात राहतो आणि मग परत येतो. साखळी फुटबॉलचे तसे नाही. येथे संघ या आठवड्यात जातो, पुढच्या आठवड्यात येतो, पुन्हा जातो. आमच्यापैकी एकीचे माहेर कोल्हापूरचे. तेथील फुटबॉल म्हणजे शाहू स्टेडियम, आणि पाटाकडील तालीम असो, खंडोबा असो की दिलबहार, सगळे तेथेच खेळणार. त्यामुळे घरचे आणि परके असा भेद मैदानाला नसतोच. घर असते ते पेठेत, तालमीच्या कट्ट्यावर. मैदान सर्वांचे सामाईक. गोव्यातही पूर्वी थोडेफार असेच होते. राष्ट्रीय साखळीत धेंपो, साळगावकर, चर्चिल ब्रदर्स आणि स्पोर्टिंग हे गोव्याचे संघ एकमेकांशी खेळत, तेव्हा फातोर्ड्याच्या त्याच मैदानावर आज एक यजमान असे आणि काही आठवड्यांनी दुसरा. म्हणजे पाहुणा म्हणून यायचे ते आपल्याच घरी! या विनोदाची मजा त्या काळच्या गोवेकरांना विचारावी. २०१६मध्ये धेंपो, साळगावकर आणि स्पोर्टिंग त्या स्पर्धेतून बाहेर पडले आणि तो विनोदही संपल्यात जमा झाला.

इंडियन सुपर लीगचा हिशेब तसा साधा. प्रत्येक संघाने प्रत्येकाशी दोनदा खेळायचे, एकदा आपल्या गावी, एकदा त्याच्या. पहिल्या वर्षी आठ संघ होते, तेव्हा चौदा सामने आणि त्यांतले सात घरचे. २०२४-२५च्या हंगामात संघ तेरा झाले, तेव्हा चोवीस सामने आणि बारा घरचे. प्रेक्षकाच्या बाजूने पाहिले, तर या आकड्यांत एक वचन दडलेले आहे. वर्षातून एकदा प्रत्येक संघ तुमच्या दारी येईल. बंगालचा येईल, केरळचा येईल, ईशान्येकडचा येईल. तुम्ही कोठेही जायचे नाही, बसल्या जागी सगळा देश एकेक करून तुमच्याकडे पाहुणा म्हणून यायचा. हंगामी तिकीट काढणारा माणूस खुर्चीचे पैसे भरतो असे वाटते. खरे तर तो या वचनाचे पैसे भरत असतो.

पण वचन कोणत्या तारखेला पाळले जाईल, हे त्याच्या हाती नसते. ते दूरचित्रवाणीच्या सोयीने ठरते. सामना बहुधा संध्याकाळी साडेसातला. २०२२पासून सामने मुख्यत्वे गुरुवार ते रविवार ठेवू लागले, आणि आमच्यासारख्या नोकरदारांना हायसे वाटले. त्याआधी भर आठवड्यात, दुसऱ्या दिवशी सकाळी आठची तासिका असताना, फातोर्ड्याहून घसा बसवून परतण्याचे प्रसंग आमच्यावर अनेकदा आले आहेत. वर्गात काव्यशास्त्र शिकवताना आवाजच फुटेना, तेव्हा मागच्या बाकावरचा एक विद्यार्थी हळूच ‘सर, किती गोल?’ म्हणाला होता.

आमची लेक या वेळापत्रकाबरोबरच वाढली. २०१४मध्ये ती आठ वर्षांची होती. २० डिसेंबर २०१५ रोजी फातोर्ड्यावर अंतिम सामना झाला. त्यात गोव्याने अखेरच्या काही मिनिटांत हातातला विजय घालवला आणि चेन्नईयन संघाने तो ३-२ असा जिंकला. परतताना स्कूटरवर दोघांच्या मध्ये बसलेली ती हुंदके देत होती. घरी पोहोचल्यावर तिने एकच विचारले, ‘आता पुढचा घरचा सामना कधी?’ तेव्हाचा हंगाम ऑक्टोबर ते डिसेंबर एवढाच असे. दहा महिन्यांनी, असे सांगावे लागले. हरल्याच्या दुःखापेक्षा या उत्तराने ती अधिक खचली, आणि पराभव सोसण्याची रीत आम्हांलाही त्या दिवशी थोडी कळली. पुढची तारीख ठाऊक असली की माणूस हरणे सोसतो.

पुढे ही लेक संख्याशास्त्राकडे वळली (आमच्या घरात हे कसे घडले, देव जाणे) आणि बारावीत असताना एका रात्री तिने जेवणाच्या टेबलावर चमच्यांची मांडामांड करून आम्हांला वेळापत्रकाचे व्याकरण शिकवले. आमची तक्रार अशी होती की सामने एकाआड एक का नसतात? एक घरी, एक बाहेर; सरळ ओवीसारखे चालावे. कधी सलग दोन घरी आणि मग महिनाभर शुकशुकाट, हे काय? ती म्हणाली, ‘बाबा, समजा दोन संघ नेमके सारख्याच तारखांना घरी असतात आणि सारख्याच तारखांना बाहेर. मग ते एकमेकांशी खेळणार केव्हा?’ आम्ही चमच्यांकडे पाहत राहिलो. सामना होण्यासाठी एकाने घरी असावे लागते आणि दुसऱ्याने बाहेर. म्हणून एका फेरीत प्रत्येक संघाचा घरी-बाहेरचा क्रम इतर सर्वांहून वेगळा असलाच पाहिजे. निखळ एकाआड एक असे क्रम दोनच संभवतात, घरापासून सुरू होणारा आणि बाहेरून सुरू होणारा. चौदा संघ असतील आणि कोणी विश्रांती घेणार नसेल, तर फार तर दोघांना ते भाग्य लाभेल. उरलेल्या बारांच्या क्रमात कोठेतरी खंड पडायलाच हवा. वृत्तात यतिभंग असतो तसा, पण येथे तो दोष नाही. त्याच्यावाचून वृत्तच जुळत नाही. हे आम्ही नंतर वर्गातही सांगितले आहे, आणि छंदःशास्त्राच्या तासाला इतके डोळे जागे क्वचितच पाहिले आहेत.

याच्यावर मग बाकीचे थर चढतात. फातोर्ड्याचे स्टेडियम संघाच्या मालकीचे नाही, सरकारी आहे. गोव्यात सणवार, फेस्त, जत्रा, कार्निव्हल यांची गर्दी आणि पोलिसांचा बंदोबस्त मर्यादित. शेजारच्या फातर्प्याची जत्रा पौषात भरते. तिची जाहिरात कोणाला करावी लागत नाही; तिथी ठरलेली, देवी जागची हलत नाही, माणसे येतात. फातोर्ड्याची जत्रा मात्र कोणीतरी दरवर्षी नव्याने ठरवावी लागते. हा फरक आम्हांला उशिरा कळला, आणि तो कळण्यासाठी दोन हंगाम रिकामे जावे लागले.

७ मार्च २०२० रोजी उपांत्य फेरीचा परतीचा सामना आमच्यासमोर झाला. चेन्नईत ४-१ने हरून आलेल्या गोव्याने घरी ४-२ असा विजय मिळवला आणि एकूण हिशेबात एका गोलाने स्पर्धा गमावली. जिंकून बाहेर पडणे काय असते, ते त्या रात्री पाहिले. आठवड्याने, १४ मार्चला, त्याच मैदानावर कोलकाता आणि चेन्नई यांचा अंतिम सामना प्रेक्षकांविना झाला. त्यानंतरचे २०२०-२१ आणि २०२१-२२ हे दोन्ही हंगाम महासाथीमुळे संपूर्णपणे गोव्यातच खेळवले गेले. फातोर्डा, बांबोळी आणि वास्कोचे टिळक मैदान या तीन ठिकाणी साऱ्या देशाचे संघ खेळत होते. वेळापत्रकात यजमान आणि पाहुणा हे रकाने तसेच ठेवलेले. केरळचा ‘घरचा’ सामना गोव्यात, गुवाहाटीचा ‘घरचा’ सामना गोव्यात. सर्वांना घर होते, फक्त घरी कोणी नव्हते.

आमच्या गच्चीवरून स्टेडियमचे दिवे दिसतात. एरवी गोल झाला की दूरदर्शनच्या पडद्यावर तो दिसण्याआधीच गलका ऐकू येई. त्या दोन वर्षांत दिवे लागत, प्रकाशाचा तो पांढरट घुमट माडांवर उभा राही, आणि आवाज मात्र कसलाच नाही. एप्रिल २०२१मध्ये तर आशियाई चॅम्पियन्स लीगचे सामने येथे झाले. १४ एप्रिलला कतारच्या अल रय्यानशी ०-० अशी बरोबरी करून गोव्याने या स्पर्धेत भारतीय संघाचा पहिला गुण मिळवला. आमच्या घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर हे घडत होते आणि आम्ही तिघे गच्चीत दिव्यांकडे बघत मोबाइलवर आकडा पाहत होतो. संघ पुन्हा आमच्यासमोर घरी खेळला तो नोव्हेंबर २०२२मध्ये.

२०२४च्या पावसाळ्यात लेक शिकायला मुंबईला गेली. आता नारिंगी वर्तुळांना आणखी एक अर्थ आला. बाराही सामन्यांना येणे शक्य नव्हते. परीक्षा आणि पैसा पाहून तिने त्यांतले चार निवडले. आमच्या समाजात लेकीचे माहेरपण नागपंचमी, गौरी, दिवाळी असे सणांनी ठरते. आमच्याकडे ते मोहन बागान केव्हा येणार यावर ठरू लागले. यात अडचणी दोन. हंगामाचे वेळापत्रक एकदम हाती येत नसे. आधी डिसेंबरअखेरपर्यंतचे, उरलेले नंतर. दुसरी अडचण रेल्वेची. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरपासून आगाऊ आरक्षणाची मुदत १२० दिवसांवरून ६० वर आली. शिवाय मुंबईची कोकणकन्या मडगावहून संध्याकाळी सातच्या सुमारास सुटते आणि सामना साडेसातला सुरू होतो. तेव्हा परतीसाठी दुसऱ्या दिवसाची गाडी पाहणे आले. आम्ही नियम केला. सामन्याची तारीख आली की पेन्सिलने वर्तुळ, तिचे तिकीट पक्के झाले की त्यावर नारिंगी शाई.

आणि मग २०२५ आले. महासंघ आणि स्पर्धेचे व्यावसायिक हक्क असलेली कंपनी यांच्यातील पंधरा वर्षांचा करार ८ डिसेंबर २०२५ रोजी संपत होता, पुढे काय हे ठरले नव्हते. जुलैत कळले की हंगाम स्थगित आहे. सप्टेंबर गेला, ऑक्टोबर आला. चमत्कारिक भाग असा की त्या काळात फातोर्ड्यावर फुटबॉल नव्हता असे नाही. उलट, कधी नव्हे इतका मोठा होता. आशियाई स्पर्धेच्या निमित्ताने २२ ऑक्टोबरला, ऐन पाडव्याच्या दिवशी, सौदी अरेबियाचा अल नस्र संघ आला. रोनाल्डो येणार की नाही यावर महिनाभर सारे गाव पैजा लावीत होते. तो आला नाही. ब्रायसन फर्नांडिसने गोल केला, गोवा १-२ असा हरला, आणि दिवाळीचे फोव खाऊन आलेल्या आम्हां तिघांना वावगे काही वाटले नाही. ७ डिसेंबरला गोव्याने ईस्ट बंगालला पेनल्टींवर ६-५ असे हरवून सुपर कप जिंकला, तोही येथेच. पण त्या रात्री घरी आल्यावर लेकीने फोनवर दहा वर्षांपूर्वीचाच प्रश्न विचारला, आणि या वेळी आमच्याकडे ‘दहा महिन्यांनी’ हे उत्तरही नव्हते. जिंकलेल्या रात्री तो प्रश्न आला, ही गोष्ट आम्हांला अद्याप पचलेली नाही. आपण संघाचे मालक नाही, खेळाडू नाही, त्याच्या करारांत आपली सही नाही. आपल्याकडे होती ती फक्त पुढच्या तारखेची माहिती.

जानेवारी २०२६च्या पहिल्या आठवड्यात क्रीडामंत्र्यांनी जाहीर केले की साखळी १४ फेब्रुवारीला सुरू होईल. चौदा संघ, एक्याण्णव सामने. लेकीने ताबडतोब भागाकार करून कळवले, ‘म्हणजे एकेरी. प्रत्येकी तेरा सामने, घरचे सहा किंवा सात. आई, या वर्षी निम्मे पाहुणे येणारच नाहीत.’ कोण येणार आणि कोण नाही, हे कळायला आणखी थांबावे लागले. वेळापत्रक हाती पडले तेव्हा साठ दिवसांची खिडकी पहिल्या सामन्यांसाठी केव्हाच उघडून गेली होती. कोकणकन्येच्या जागा इतरांनी, अधिक स्थिर आयुष्य असलेल्यांनी, भरून टाकल्या होत्या.

तिने तरीही एक तारीख निवडली. संध्याकाळी निरोप आला, ‘स्लीपर, वेटिंग अठरा. चार्ट लागेपर्यंत काही सांगता येत नाही.’ आम्ही कालनिर्णयाचे पान उलटले, पेन्सिल शोधली, आणि त्या तारखेभोवती हलक्या हाताने वर्तुळ काढले.